मुलाला सांगितले होते काय?

इचलकरंजीच्या एखाद्या कापड-व्यापारी कुटुंबातील चार चुलत भावंडांची कल्पना करावी. थोरला झुरिचमध्ये नोकरीला आहे, दुसरी म्युनिकमध्ये अभियांत्रिकीचे पदव्युत्तर शिक्षण घेत आहे, तिसरा ओसाका येथे एका कंपनीत लागला आहे आणि धाकटा घरीच राहून वडिलांबरोबर पेढीवर बसतो. शनिवारी रात्री चौघांच्या व्हॉट्सॲप गटात एक लिंक येते. शुक्रवारी प्रदर्शित झालेला नवा चित्रपट, तोही एक पैसा न मोजता. चौघेही तो डाउनलोड करतात. चित्रपट एक, कृती एक आणि घराचे संस्कारही एकच. तरीही चार देशांचे कायदे या चौघांकडे चार निरनिराळ्या नजरांनी पाहतात.

थोरल्याने तो चित्रपट केवळ स्वतःपुरता घेतला असेल आणि पुढे कोणालाही दिला नसेल, तर स्वित्झर्लंडचा कायदा त्याला हटकत नाही. प्रत चोरटी असली तरी घरगुती वापरासाठी ती घेणे तेथे गुन्हा नाही. ती इतरांना पुरविणे हा मात्र गुन्हा आहे. २०२० मध्ये तेथील कॉपीराइट कायद्यात मोठी दुरुस्ती झाली, तेव्हाही ही सवलत कायम ठेवण्यात आली. म्युनिकमधील बहिणीच्या दारी मात्र काही आठवड्यांनी वकिलाचे पत्र येऊन पडण्याची शक्यता आहे. त्यात काही शे युरोंची, प्रसंगी हजाराच्या घरातील मागणी असते. ओसाकामधील भावाची गोष्ट अधिक गंभीर आहे. चोरटी प्रत आहे हे ठाऊक असूनही विक्रीस ठेवलेले गाणे वा चित्रपट डाउनलोड करणे, हा जपानने ऑक्टोबर २०१२ पासून फौजदारी गुन्हा ठरविला आहे. त्यासाठी दोन वर्षांपर्यंत कैद किंवा वीस लाख येनपर्यंत दंड, अथवा दोन्हीही होऊ शकतात. हक्कदाराने तक्रार केली तरच खटला उभा राहतो, एवढाच काय तो दिलासा. आणि पेढीवर बसणाऱ्या धाकट्याचे काय? त्याचे उत्तर सर्वांत गुंतागुंतीचे आहे. तेथे पोहोचण्यापूर्वी जगाने या प्रश्नाशी कशी झुंज घेतली ते पाहणे अगत्याचे ठरेल.

सीमेबरोबर बदलणारा गुन्हा

कापूस, साखर वा सोने चोरले तर ती चोरीच, याबद्दल जगात कोठेही दुमत नाही. चित्रपटाचे तसे नाही. निर्मिती करणाऱ्याचा आपल्या कृतीवरील हक्क हा प्रत्येक देशाने आपल्या कायद्याने दिलेला हक्क असतो आणि त्या देशाच्या सीमेपाशी तो संपतो. ही अडचण ओळखूनच १८८६ मध्ये स्वित्झर्लंडमधील बर्न येथे काही राष्ट्रांनी करार केला आणि परस्परांच्या लेखक-कलावंतांना आपल्या नागरिकांसारखेच संरक्षण देण्याचे ठरविले. भारत १९२८ पासून या कराराचा सभासद आहे. पुढे १९९५ मध्ये जागतिक व्यापार संघटनेबरोबर ट्रिप्स हा करार अमलात आला. व्यापारी प्रमाणावर आणि जाणूनबुजून केलेल्या पायरसीला फौजदारी शिक्षा असलीच पाहिजे, असे बंधन त्याने सभासद देशांवर घातले. घरात बसून एकट्याने चोरटी प्रत पाहणाऱ्याचे काय करावे, हे मात्र ज्याच्या त्याच्यावर सोडले. झुरिच आणि ओसाका यांमधील अंतर तेथूनच सुरू होते.

आज या विषयात सर्वांत कठोर भाषा बोलणाऱ्या अमेरिकेचा पूर्वेतिहास मात्र मोठा बोलका आहे. १८९१ पर्यंत परदेशी लेखकांच्या पुस्तकांना त्या देशात संरक्षणच नव्हते. लंडनची नवी कादंबरी बोटीतून उतरली की अमेरिकेतील छापखाने ती स्वस्तात छापून मोकळे होत. चार्ल्स डिकन्सने १८४२ च्या अमेरिका दौऱ्यात याविषयी जाहीर गाऱ्हाणे मांडले. टाळ्यांपेक्षा टीकाच त्याच्या वाट्याला अधिक आली. चित्रपटांच्या बाबतीतही तेच घडले. फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएसने १९०२ मध्ये चंद्रावरील सफरीचा आपला विख्यात मूकपट काढला आणि अमेरिकेतील कंपन्यांनी, त्यांत एडिसनचीही कंपनी आली, त्याच्या प्रती काढून त्या विकल्या. अखेर दुसऱ्याच वर्षी मेलिएसला आपल्या भावाला न्यूयॉर्कला धाडून तेथे शाखा उघडावी लागली. अमेरिका बर्न कराराची सभासद झाली ती १९८९ मध्ये, करारानंतर शंभराहून अधिक वर्षांनी. ज्याच्या घरी माल तयार होऊ लागतो, त्यालाच कुलपाची आठवण होते.

याच देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये एका खटल्यात एक सूक्ष्म भेदही नोंदविला. प्रकरण गायक एल्विस प्रेस्ली याच्या ध्वनिमुद्रिकांच्या चोरट्या प्रतींचे होते. अशी प्रत काढणे हा कॉपीराइटचा भंग खरा. परंतु चोरलेल्या वस्तूंच्या वाहतुकीचा कायदा त्याला लावता येणार नाही, कारण येथे मालकाच्या हातून वस्तू हिरावली जात नाही, असे न्यायालयाने म्हटले. पायरसीचे समर्थक हेच आपल्या शब्दांत सांगत असतात. मूळ चित्रपट निर्मात्याजवळ आहे तसाच राहतो, मग गेले ते काय?

हा युक्तिवाद ऐकून एखादा तरुण गप्प बसेल. परंतु पिढीजात व्यापारी गप्प बसणार नाही. दुकानाच्या नावाची हुबेहूब नक्कल करून समोरच्या गल्लीत कोणी माल विकू लागला, तर जुन्या दुकानातील कपाटातून एक ठाणही कमी होत नाही. तरीही मालकाची झोप उडते. कारण जे गेले ते ठाण नव्हे, उद्याचे गिऱ्हाईक होय. चित्रपटाचेही तसेच आहे. त्याची कमाई साठवणीच्या मालासारखी वर्षभर पुरत नाही. मराठी चित्रपटाचे भवितव्य तर बहुधा पहिल्या आठवड्यातच ठरते. त्या आठवड्यात पसरलेली चोरटी प्रत निर्मात्याचा माल नेत नसली, तरी त्याचा बाजार उठवते.

दुकानदार, रस्ता की गिऱ्हाईक?

चोरीच्या मालाचा बाजार मोडायचा तर कोणाला धरावे? माल मांडणाऱ्याला, त्याच्याकडे जाणाऱ्या रस्त्याला, की घेणाऱ्याला? गेल्या वीस-पंचवीस वर्षांत जगाने हे तिन्ही मार्ग वापरून पाहिले.

मांडणाऱ्याला धरण्याचा सर्वांत गाजलेला प्रयोग स्वीडनमध्ये झाला. २००३ मध्ये तेथे सुरू झालेल्या ‘द पायरेट बे’ या संकेतस्थळावर स्वतःचा चित्रपट एकही नव्हता. कोणता चित्रपट कोणाच्या संगणकावरून मिळेल, एवढा पत्ताच ते देत असे. ३१ मे २००६ रोजी पोलिसांनी धाड घालून त्याची यंत्रे उचलून नेली. तीन दिवसांत ते संकेतस्थळ दुसऱ्या देशातून पुन्हा सुरू झाले. एप्रिल २००९ मध्ये स्टॉकहोमच्या न्यायालयाने चौघांना प्रत्येकी एक वर्षाची कैद आणि एकत्रित तीन कोटी क्रोनर भरपाईची शिक्षा सुनावली. अपिलात तिघांची कैद घटली, भरपाईची रक्कम मात्र वाढली. या निकालाची एक अनपेक्षित फलश्रुती अशी की, त्याच वर्षी जूनमध्ये झालेल्या युरोपीय संसदेच्या निवडणुकीत स्वीडनच्या ‘पायरेट पार्टी’ला सात टक्क्यांहून अधिक मते पडून तिचा प्रतिनिधी निवडून आला. शिक्षा झाली, पण जनमत न्यायालयाच्या बाजूने गेले नाही.

न्यूझीलंडमधील प्रकरण याहून लांबले. जानेवारी २०१२ मध्ये अमेरिकेच्या विनंतीवरून तेथील पोलिसांनी हेलिकॉप्टरसह ऑकलंडजवळच्या एका वाड्यावर धाड घातली आणि ‘मेगाअपलोड’चा संस्थापक किम डॉटकॉम याला अटक केली. हे संकेतस्थळ एका दिवसात बंद झाले. पुढचे काम मात्र एका दिवसाचे नव्हते. त्याच्यावर बेकायदा पाळत ठेवली गेल्याचे उघड होऊन त्याच वर्षी खुद्द पंतप्रधानांना त्याची क्षमा मागावी लागली. त्याच्या दोन सहकाऱ्यांना २०२३ मध्ये न्यूझीलंडमध्येच अडीच वर्षांच्या आसपास कैद झाली आणि त्याच्या प्रत्यार्पणाच्या आदेशावर न्यायमंत्र्यांची सही झाली ती ऑगस्ट २०२४ मध्ये, म्हणजे धाडीनंतर बारा वर्षांनी. एवढ्या काळात कित्येक चित्रपट चित्रपटगृहात येऊन विस्मरणातही गेले.

दुसरा मार्ग रस्ता अडविण्याचा. भारताने मुख्यतः हाच स्वीकारला आहे. चोर अनोळखी असेल तर अनाम प्रतिवादीविरुद्ध मनाई हुकूम मिळविण्याची पद्धत आपल्याकडे २००२ पासून रूढ झाली. प्रथम ती फुटबॉलच्या विश्वचषक सामन्यांचे चोरटे प्रक्षेपण करणाऱ्या केबलचालकांविरुद्ध वापरली गेली. पुढे ‘सिंघम’सारख्या चित्रपटांसाठी प्रदर्शनापूर्वीच असे हुकूम घेतले जाऊ लागले. या हत्याराला धार होती, नेम मात्र नव्हता. २०१२ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या एका हुकुमाचा आधार घेऊन इंटरनेट कंपन्यांनी सगळी संकेतस्थळेच बंद केली. त्यांत नवोदित दिग्दर्शक स्वतःच्या लघुपटांसाठी वापरतात ते ‘व्हिमिओ’ही सापडले. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ती ही. अखेर, ज्या पानांवर तो चित्रपट आहे तेवढीच पाने बंद करावीत, असा खुलासा न्यायालयाला करावा लागला.

मुंबई उच्च न्यायालयाने २०१६ मध्ये या विषयाला शिस्त लावली. ‘ढिशूम’ या चित्रपटाच्या प्रकरणात न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी अख्खी संकेतस्थळे बंद करण्यास नकार दिला आणि प्रत्येक लिंक तपासून, प्रतिज्ञापत्रावर यादी द्या, असे बजावले. बंद केलेले पान उघडणाऱ्यास कोणत्या हुकुमाने ते बंद झाले आणि दाद कोठे मागावी, हेही कळले पाहिजे, असे त्यांनी सांगितले. त्या पानांवर तोवर एक दरडावणारी सूचना झळकत असे की, असा चित्रपट नुसता पाहणे हाही गुन्हा आहे. कायदा तसे म्हणत नाही. गुन्हा आहे तो परवानगीवाचून वितरणात, जाहीर प्रदर्शनात, विक्रीत वा भाड्याने देण्यात, असे न्यायालयाने स्पष्ट करून ती सूचना बदलावयास लावली.

तथापि चोरांनीही नवी युक्ती काढली. एक पत्ता बंद होताच अक्षरभर बदललेल्या दुसऱ्या पत्त्यावर तेच दुकान पुन्हा मांडले जाऊ लागले आणि प्रत्येक वेळी नव्याने न्यायालयात जाणे म्हणजे साप सोडून भुई धोपटणे ठरू लागले. म्हणून एप्रिल २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने, सिंगापूरच्या एका निर्णयाचा आधार घेऊन, ‘डायनॅमिक’ मनाई हुकूम भारतात आणला. केवळ चोरट्या मालावरच जगणारे संकेतस्थळ असे एकदा सिद्ध झाले की त्याची नवनवी रूपेही त्याच हुकुमाखाली बंद करता येतात. २०२३ मध्ये त्याच न्यायालयाने आणखी पुढे जाऊन अद्याप निर्माण व्हावयाच्या कृतींनाही हे संरक्षण दिले.

तिसरा मार्ग गिऱ्हाइकाला धरण्याचा. फ्रान्सने २००९ मध्ये त्यासाठी स्वतंत्र प्राधिकरणच नेमले. पहिल्यांदा सापडल्यास ईमेल, दुसऱ्यांदा नोंदणीकृत पत्र आणि तिसऱ्यांदा घरचे इंटरनेट बंद, अशी योजना होती. तेथील संविधान परिषदेने तिचा कणाच काढून घेतला. इंटरनेट हे आता अभिव्यक्तिस्वातंत्र्याचे साधन आहे, ते तोडण्याचा अधिकार न्यायाधीशाखेरीज कोणालाही देता येणार नाही, असा तिचा निर्णय झाला. पुढे लाखो इशारे गेले. २०१२ मध्ये एका गृहस्थाला दीडशे युरो दंड झाला. गाणी त्याच्या पत्नीने उतरविली होती आणि तिने ते कबूलही केले होते, पण इंटरनेटची जोडणी होती पतीच्या नावे. २०१३ मध्ये एकाला सहाशे युरो दंड आणि पंधरा दिवस इंटरनेट बंद अशी शिक्षा झाली. काही आठवड्यांतच सरकारने इंटरनेट तोडण्याची तरतूदच रद्द केली.

धाकट्याचे उत्तर

आता पुन्हा पेढीवरील धाकट्याकडे वळावे. भारतात १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार जाणूनबुजून हक्कभंग करणाऱ्यास सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. चित्रपटगृहात कॅमेरा नेऊन चित्रण करणाऱ्यासाठी, आणि तशी प्रत पुढे पोहोचविणाऱ्यासाठी, २०२३ च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्ती कायद्याने स्वतंत्र शिक्षा आणली आहे. तीत तीन महिने ते तीन वर्षे कैद आहे आणि किमान तीन लाख रुपये दंड आहे. तो चित्रपटाच्या लेखापरीक्षित निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत जाऊ शकतो. चोरट्या प्रतीविषयी तक्रार आल्यास ४८ तासांत ती हटविण्याचे आदेश देण्यासाठी केंद्र सरकारने त्याच वर्षी बारा अधिकारीही नेमले. महाराष्ट्रात तर २००९ पासून ‘व्हिडिओ पायरेट’ हा झोपडपट्टीदादा आणि हातभट्टीवाले यांच्या पंगतीला बसविला गेला आहे. त्याला खटल्याविना स्थानबद्ध करण्याची तरतूद राज्याच्या कायद्यात आहे.

या सर्व शिक्षांचा रोख मांडणाऱ्यावर आहे, पाहणाऱ्यावर नाही. धाकट्याने तो चित्रपट नुसता पाहिला असेल, तर मुंबई उच्च न्यायालयाच्या वरील खुलाशानुसार तो गुन्हेगार ठरत नाही. पण त्याने नेमके काय केले, हे त्याला स्वतःला तरी ठाऊक आहे काय? बहुतेक घोटाळा येथेच होतो. त्याने ती लिंक मित्रांच्या आणखी दोन गटांत ढकलली असेल, तर तो घेणारा उरला नाही, वाटणारा झाला. त्याने टोरेंट वापरले असेल, तर त्याच्या नकळतही तो वाटणारा झालेला असतो. टोरेंटमध्ये अख्खे पोते एका गोदामातून येत नाही. शेकडो जणांकडून मूठमूठ धान्य येते आणि हाती आलेली मूठ आपला संगणक त्याच क्षणी इतरांना वाटूही लागतो. म्युनिकच्या बहिणीला पत्र येते ते या मुठींमुळे. हक्कदारांनी नेमलेल्या कंपन्या या वाटपात स्वतःच सामील होऊन कोणकोणत्या इंटरनेट जोडणीवरून माल येतो याची टिपणे ठेवतात, न्यायालयामार्फत जोडणीधारकाचे नाव मिळवितात आणि मग वकिलाचे पत्र निघते. त्यात भरपाई, वकिलाचे शुल्क आणि पुन्हा असे न करण्याचे लेखी वचन मागितलेले असते. या पत्रांचा सुळसुळाट झाल्यावर २०१३ मध्ये जर्मनीच्या संसदेने वकिलांच्या शुल्कावर मर्यादा घातली. पत्रे मात्र थांबलेली नाहीत. परदेशी शिकावयास जाणाऱ्या मुलामुलींना लोणच्याच्या बरण्यांबरोबर ही माहितीही बांधून द्यावी, हे बरे.

जपानमधील आणखी एक उदाहरण तरुणांनी ध्यानात घ्यावे असे आहे. संपूर्ण चित्रपट नव्हे, तर त्यातील दृश्ये तोडून, वर निवेदन चढवून, दहा-दहा मिनिटांत कथा सांगणाऱ्या चित्रफिती यूट्यूबवर टाकणाऱ्या दोघांविरुद्ध तेरा कंपन्या न्यायालयात गेल्या. नोव्हेंबर २०२२ मध्ये टोकियोच्या जिल्हा न्यायालयाने दोघांना पन्नास कोटी येन भरपाई देण्याचा आदेश दिला. हिशेब साधा होता. जितक्या वेळा चित्रफीत पाहिली गेली, तितक्या वेळा दोनशे येन.

शिवाय फुकट मिळणाऱ्या या मालाची किंमत कोणी तरी चुकवीतच असते. चोरट्या संकेतस्थळांचे उत्पन्न सट्ट्याच्या आणि फसव्या योजनांच्या जाहिरातींतून येते. अनेकदा चित्रपटाच्या नावाखाली संगणकात शिरणारी घातक प्रणालीच पदरी पडते. पेढीच्या ज्या संगणकावर जीएसटीची विवरणपत्रे, बँकेचे व्यवहार आणि गिऱ्हाइकांची खाती आहेत, त्यावरच रात्री असा चित्रपट उतरविला गेला, तर तिकिटाचे वाचलेले दोनशे रुपये किती महाग पडतील, याचा अंदाज त्या वेळी कोणालाच नसतो.

याचा अर्थ सगळा दोष घेणाऱ्याच्या माथी मारावा असा नव्हे. जून २०१६ मध्ये ‘उडता पंजाब’ची चोरटी प्रत प्रदर्शनाच्या आधीच इंटरनेटवर फिरू लागली, तेव्हा तिच्यावर ‘सेन्सॉरसाठी’ अशी खूण होती. प्रदर्शनापूर्वी बाहेर पडलेली प्रत कोठल्या तरी विश्वासाच्या वाटेवरूनच निसटलेली असते; तेथे गिऱ्हाइकाला बोल लावण्यात अर्थ नसतो. प्रामाणिक दुकान उघडे नसेल, किंवा एका चित्रपटासाठी वर्षाची वर्गणी भरावी लागत असेल, तर माणसे आडवाटेने जातात, हाही अनुभव आहे. परदेशी राहणाऱ्या मराठी कुटुंबाला हवा तो जुना मराठी चित्रपट पैसे मोजूनही मिळत नाही, ही तक्रार खोटी नाही. ज्या निर्मात्याला चोरट्या प्रतींचा राग येतो, त्याने आपला माल वेळेवर, वाजवी दरात, जेथे मागणी आहे तेथे मांडला पाहिजे. बाजाराचा हा नियम कापडाला लागू आहे आणि चित्रपटालाही.

कार्ल्सरूहेचा प्रश्न

या साऱ्या देशोदेशींच्या धडपडीत घरातील वडीलधाऱ्यांनी विशेष लक्ष द्यावे अशी तीन प्रकरणे जर्मनीतील आहेत. कार्ल्सरूहे या शहरात त्या देशाचे दिवाणी बाबींतील सर्वोच्च न्यायालय आहे. तिन्ही प्रकरणे गाण्यांची होती. पण चित्रपटांनाही तेच तत्त्व लागू पडते.

पहिल्या प्रकरणात तेरा वर्षांच्या एका मुलाने घरच्या इंटरनेटवरून शेकडो गाणी इतरांसाठी खुली केली होती. खालच्या न्यायालयांनी आईवडिलांना जबाबदार धरले. मुलाच्या संगणकावर त्यांनी नजर ठेवावयास हवी होती, असे त्यांचे म्हणणे. नोव्हेंबर २०१२ मध्ये कार्ल्सरूहेने तो निकाल फिरविला. एरवी घरची शिस्त पाळणाऱ्या मुलावर, त्याच्या वागण्यात काही वावगे आढळले नसताना, पाळत ठेवण्याची आवश्यकता नाही. अशी देवघेव बेकायदा आहे हे त्याला समजावून सांगितले होते आणि ती करू नकोस अशी ताकीद दिली होती, एवढे पुरे. त्या आईवडिलांनी ते सांगितले होते, ते सुटले.

दुसरे प्रकरण जून २०१५ मधले. येथे चौदा वर्षांची मुलगी होती आणि जोडणी आईच्या नावावर होती. घरात नीट वागण्याचे सर्वसाधारण नियम होते; पण गाण्यांच्या या देवघेवीविषयी मुलीला स्पष्ट शब्दांत सांगितले होते, हे आईला दाखविता आले नाही. ‘नीट वाग’ एवढे सांगणे पुरेसे नाही, असे ठरवून न्यायालयाने आईला जबाबदार धरले.

तिसरे प्रकरण मनाला चटका लावणारे आहे. आईवडील आणि तीन सज्ञान मुले एका घरात राहत होती. पत्र आल्यावर आईवडिलांनी चौकशी केली आणि तिघांपैकी कोणी हे केले ते त्यांना कळले. न्यायालयात मात्र त्यांनी नाव सांगण्यास नकार दिला. आपल्याच अपत्याविरुद्ध बोलण्याची सक्ती त्यांच्यावर नव्हती, परंतु ठाऊक असूनही नाव सांगायचे नसेल तर भरपाई स्वतःच द्यावी लागेल, असा निकाल मार्च २०१७ मध्ये लागला. त्या मायबापांनी मुलाला झाकले आणि त्याची किंमत मोजली. कोणत्याही घरातील आईवडिलांनी बहुधा हेच केले असते.

स्वीडनच्या तुरुंगाने, न्यूझीलंडच्या हेलिकॉप्टरने आणि फ्रान्सच्या लाखो इशाऱ्यांनी जे साधले नाही, ते कार्ल्सरूहेनेही साधले असे नव्हे. पण त्या न्यायालयाने विचारलेला प्रश्न योग्य दारी विचारला गेला. मुलाच्या यंत्रात तुम्ही डोकावत होता काय, असे त्याने विचारले नाही. मुलाला सांगितले होते काय, एवढेच विचारले.

मापात पाप नको, हे व्यापारी घरात मुलाला वेगळे शिकवावे लागत नाही. तराजू हाती धरणाऱ्या वडिलांकडे पाहूनच ते त्याला कळते. लिंकचे तसे नाही. तिला वजन नाही, ती तराजूत बसत नाही, तिच्यामागे कोणा विक्रेत्याचा चेहरा नाही आणि पलीकडे कोणाचे नुकसान होते आहे तेही दिसत नाही. म्हणूनच येथे नुसत्या आचरणाचा धडा पुरत नाही. शब्दांनी सांगावेच लागते. ते सांगण्यासाठी झुरिच, म्युनिक आणि ओसाका यांचे कायदे पाठ करण्याची गरज नाही. शनिवारी रात्री गटात आलेली ती लिंक उघडण्यापूर्वी धाकट्याने स्वतःला इतकेच विचारावे की, हा माल आपल्या दुकानातून असा गेला असता, तर वडिलांनी तो कोणत्या खात्यात लिहिला असता?